लाभांश थकला, खुर्ची मात्र शाबूत!

वाण्याची उधारी थकली की घरचा कर्ता माणूस त्या दुकानावरून जाताना मान खाली घालतो, आणि शक्य असेल तर पलीकडच्या बोळातून जातो. ही लाज त्याला कोणत्याही कायद्याने शिकवलेली नसते. परंतु भर सभेत टाळ्यांच्या गजरात हजारो भागधारकांना लाभांश जाहीर करावयाचा, वर्ष उलटले तरी तो द्यावयाचा नाही आणि तरीही आणखी चार कंपन्यांच्या संचालक मंडळांत उजळ माथ्याने मिरवावयाचे, असे जेथे चालू शकते तेथे ही लाज कायद्यालाच आणावी लागते. २०१३ च्या कंपनी कायद्याने ती आणण्याचा प्रयत्न केला आहे. तो प्रयत्न कागदावर जितका कडक दिसतो तितका व्यवहारात का उतरत नाही, हा प्रश्न केवळ वकिलांचा आणि हिशेबनिसांचा नाही. ज्यांनी आपली शिल्लक कंपन्यांच्या भागांत गुंतवली आहे अशा प्रत्येक घराचा तो प्रश्न आहे.

कायदा काय म्हणतो ते प्रथम पाहू. त्याच्या १६४ व्या कलमाच्या दुसऱ्या पोटकलमात संचालकांना अपात्र ठरवणारी दोन कारणे दिली आहेत. कंपनीने सतत तीन आर्थिक वर्षे आपले हिशेब किंवा वार्षिक विवरणपत्र निबंधकाकडे दाखल केले नाही, हे पहिले. घेतलेल्या ठेवी वा त्यांवरील व्याज, कर्जरोख्यांची रक्कम वा त्यांवरील व्याज, किंवा जाहीर केलेला लाभांश कंपनीने दिला नाही आणि ही थकबाकी एक वर्ष वा त्याहून अधिक काळ चालू राहिली, हे दुसरे. यांपैकी एक जरी घडले तरी त्या कंपनीचा जो संचालक आहे किंवा होता, तो पुढील पाच वर्षे त्या कंपनीत पुन्हा नेमला जाण्यास व अन्य कोणत्याही कंपनीत संचालक होण्यास अपात्र ठरतो. पहिले कारण कागदाचे आहे, दुसरे पैशाचे. दोन्ही एकाच ओळीत बसवली असली तरी त्यांचे गोत्र एक नाही. सारा घोळ या एका पंगतीतूनच सुरू झाला आहे असे आमचे मत आहे.

लाभांश ही काही कंपनीने भागधारकांवर केलेली मेहेरबानी नव्हे. तसेच तो भागधारकाचा जन्मसिद्ध हक्कही नव्हे. मुंबईच्या एका भागधारक बाईंनी प्राप्तिकराच्या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेलेला खटला कंपनी कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला ठाऊक असतो. चहाच्या मळ्यांच्या दोन कंपन्यांकडून त्यांना २,७५० रुपयांचा लाभांश मिळाला होता. मळ्याचे उत्पन्न बऱ्याच अंशी शेतीचे, तेव्हा त्यातून आलेला लाभांशही शेतीचेच उत्पन्न मानावा, असा त्यांचा दावा होता. १९५४ साली न्यायालयाने तो फेटाळला. कंपनी वेगळी आणि भागधारक वेगळा. कंपनीच्या मालमत्तेत भागधारकाचा प्रत्यक्ष वाटा नसतो. लाभांश जाहीर होतो तेव्हाच त्याचा त्यावर हक्क उत्पन्न होतो, असा त्या निर्णयाचा आशय आहे. याचा उलटा अर्थ तितकाच महत्त्वाचा आहे. लाभांश एकदा जाहीर झाला की ते कंपनीवरचे ऋण होते आणि भागधारक त्यापुरता धनको होतो.

लाभांश जाहीर कराच, अशी सक्ती कायदा कोणावर करीत नाही. नफा झाला तरी तो धंद्यात ठेवण्याची मुभा संचालकांना आहे. लाभांशाची शिफारस संचालक मंडळ करते, आणि सभेला तो आकडा वाढवता येत नाही, फार तर कमी करता येतो. तेव्हा 'भागधारकांनी आग्रह धरला म्हणून जाहीर केला' ही सबबही टिकत नाही. धंदा बुडणे हे दुर्दैव असू शकते. बाजार पडतो, माल पडून राहतो, यंत्र बिघडते, सरकारी धोरण बदलते. परंतु कोणी मागितले नसताना, आपणच हिशेब तपासून, आपणच आकडा ठरवून दिलेले वचन पाळता आले नाही, तर त्याला दुर्दैव म्हणणे फार सोयीचे आहे.

शिवाय कायद्याने या वचनाभोवती एक कुंपणही घातले आहे. लाभांश जाहीर झाल्यापासून पाच दिवसांच्या आत त्याची सर्व रक्कम एखाद्या अनुसूचित बँकेतील स्वतंत्र खात्यात भरली पाहिजे, असे १२३ वे कलम सांगते. जाहीर झाल्यापासून तीस दिवसांत ती भागधारकांच्या हाती पडली पाहिजे. जी रक्कम त्या मुदतीत कोणी उचलली नाही, ती पुढील सात दिवसांत 'न दिलेल्या लाभांशाच्या' खास खात्यात वर्ग झाली पाहिजे. आता वाचकांनीच विचार करावा. पैसे सहाव्या दिवशी वेगळ्या खात्यात असतील, तर एकतिसाव्या दिवशी ते नाहीत असे होईल कसे? ते दोनच रीतींनी होऊ शकते. एक तर पैसे त्या खात्यात कधी भरलेच नव्हते, किंवा भरून काढून घेतले. पहिल्या प्रकारात जाहीर करणे हीच फसवणूक होती आणि दुसऱ्यात ती नंतर झाली. मग जो लाभांश देता येणार नाही तो जाहीर करण्याचा उद्योग कोणी का करावा, असे एखादा भाबडा माणूस विचारील. उत्तर बाजारात आहे. लाभांशाची घोषणा झाली की भागाला मागणी येते, कंपनीची पत वाढल्यासारखी दिसते, प्रवर्तकांनी सावकाराकडे गहाण टाकलेल्या भागांची किंमत सावरते. घोषणेला खर्च लागत नाही. खर्च वाटपाला लागतो.

हा खर्च जेव्हा होत नाही तेव्हा तो कोणाच्या पदरी पडतो, हेही पाहिले पाहिजे. आपल्याकडील पांढरपेशा वर्ग शेअर बाजाराला फार काळ सट्टा समजत आला. बँकेची मुदत ठेव, डाकघरातील बचत आणि विम्याचा हप्ता यांच्या पलीकडे त्याची पावले सहसा पडली नाहीत. १९७३ च्या परकीय चलन नियमन कायद्यामुळे परदेशी कंपन्यांना आपले भाग भारतीयांना विकावे लागले, आणि सत्तरीच्या उत्तरार्धात दादर-पार्ल्याच्या चाळींतून आणि पुण्याच्या पेठांतून अर्ज भरले जाऊ लागले. त्यानंतर या वर्गाला वर्षाकाठी येणाऱ्या लाभांशाच्या लहानशा धनादेशाची गोडी लागली. आज ती रक्कम बँकेत परस्पर जमा होते. निवृत्त माणसाच्या हिशेबात तिला जागा ठरलेली असते. कोणाचे औषध, कोणाची वर्षाची वर्गणी, कोणाच्या नातवाचे शुल्क. ही रक्कम आली नाही म्हणून कोणी उपाशी राहत नाही, हे खरे. पण त्याच कारणाने तो माणूस दाद मागण्याच्याही भानगडीत पडत नाही, आणि बुडवणाऱ्याचे गणित नेमके यावरच बसवलेले असते. आठशे रुपयांसाठी वकील कोण लावील?

त्यात प्राप्तिकर खात्याचा न्याय तर अजबच म्हटला पाहिजे. सभेत जाहीर झालेला लाभांश हा जाहीर झाला त्याच वर्षाचे उत्पन्न समजावा, अशी १९६१ च्या प्राप्तिकर कायद्याच्या ८ व्या कलमाची भाषा होती. १ एप्रिल २०२० पासून लाभांशावरील कराचा बोजा कंपनीकडून काढून भागधारकाच्या माथी आला. म्हणजे लाभांश जाहीर करून कंपनीने तो दिला नाही, तर कायद्याच्या अक्षराप्रमाणे भागधारकाने न मिळालेल्या पैशावर कर भरावा आणि संचालकाने वर्षभराची मुदत भोगावी! दोन खात्यांचे कायदे एकमेकांशी बोलत नाहीत तेव्हा असे विनोद होतात. ते वाचून हसणारा मात्र कोणी निराळाच असतो.

या कलमाला येथवर यायला बराच काळ लागला. स्वातंत्र्यानंतर कंपन्यांच्या कारभाराची चौकशी करून नवा कायदा सुचवण्यासाठी भाभा समितीची नेमणूक झाली, तिने १९५२ साली अहवाल दिला, आणि चिंतामणराव देशमुख अर्थमंत्री असताना संसदेने जो विस्तृत कायदा संमत केला तो १ एप्रिल १९५६ पासून अमलात आला. लाभांश न देणे हा त्या कायद्याने गुन्हा ठरवला होता, पण शिक्षा किती? सात दिवसांपर्यंतची साधी कैद आणि दंड. एखाद्या बड्या प्रवर्तकाला ती विश्रांतीसारखीच वाटली असती. २००० सालच्या दुरुस्तीने बेचाळीस दिवसांची मुदत तीस दिवसांवर आणली, कैद तीन वर्षांपर्यंत वाढवली, दिवसाला हजार रुपये दंड बसवला आणि त्याच वेळी २७४ व्या कलमात अपात्रतेची नवी तरतूद घातली. ही तरतूद जाचक आहे असे म्हणून तिला मुंबई उच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले. ते टिकले नाही.

मात्र त्या तरतुदीत एक मोठी फट होती. लाभांश बुडवणाऱ्या कंपनीचा संचालक 'दुसऱ्या' सार्वजनिक कंपनीत जाऊ शकत नव्हता, पण ज्या कंपनीत त्याने लाभांश बुडवला तेथेच पुन्हा निवडून यायला त्याला आडकाठी नव्हती. आणि खाजगी कंपन्यांना तर तिचा वाराही लागत नव्हता. २०१३ च्या कायद्याने ही फट बुजवली. कंपनी सार्वजनिक असो वा खाजगी, अपात्रता सर्वांना सारखी लागू झाली. कैद मात्र तीन वर्षांवरून दोन वर्षांवर उतरली. ती का उतरली, याचे समाधानकारक उत्तर आम्हाला कोठे सापडले नाही.

कायदा असा धारदार झाला. पण तो चालला कोणावर? सप्टेंबर २०१७ मध्ये केंद्र सरकारने दोन लाखांहून अधिक कंपन्यांची नावे नोंदवहीतून खोडली आणि पाठोपाठ एक लाखाहून अधिक संचालक अपात्र ठरवले. पुढे हा आकडा तीन लाखांच्या पलीकडे गेला. वर्तमानपत्रांत मोठे मथळे आले आणि बनावट कंपन्यांवर घाव घातल्याचे समाधान राज्यकर्त्यांना लाभले. त्या कारवाईत काही अर्थ नव्हता असे आम्ही म्हणणार नाही. नुसत्या पत्त्यावर चालणाऱ्या पोकळ कंपन्यांचा सुळसुळाट झाला होता हे खरेच आहे. परंतु त्या लांबलचक याद्या पहिल्या कारणाच्या होत्या, कागद न भरल्याच्या. संगणकात तीन वर्षांची विवरणपत्रे दिसली नाहीत, की नाव यादीत. त्या जाळ्यात पोकळ कंपन्यांचे सूत्रधार जसे सापडले, तसेच कधीकाळी मित्राच्या आग्रहाखातर एखाद्या न चाललेल्या कंपनीच्या कागदावर सही करून बसलेले प्राध्यापक आणि डॉक्टरही सापडले. पुढे जानेवारी २०१८ पासून विलंब माफ करणारी खास योजना काढून ज्यांनी कागद भरले त्यांना मोकळे करण्यात आले. तीही कागदापुरतीच. संगणकाला कागद मोजता येतात. भागधारकाच्या खात्यात पैसे पडले की नाहीत, हे त्याला कोणी सांगितल्याशिवाय कळत नाही.

ते कोणी सांगायचे? येथे कायद्याच्या नियमांनी जी व्यवस्था केली आहे, ती पाहून आम्ही थक्क झालो. कंपनीने लाभांश थकवला आणि अपात्रतेची वेळ आली, तर तसे निबंधकाला 'डीआयआर-९' या नमुन्यात कळवण्याचे काम त्या कंपनीचेच आहे. तीस दिवसांत न कळवल्यास तिचे अधिकारी कसूरदार ठरतात. संचालकानेही नव्या नेमणुकीपूर्वी आपण अपात्र झालो आहोत किंवा नाही याचे निवेदन 'डीआयआर-८' या नमुन्यात द्यावयाचे. ही निवेदने मंडळाने आपल्या दप्तरी लावायची. मग लेखापरीक्षक येतो. संचालकांपैकी कोणी अपात्र झाला आहे काय, हे त्याने आपल्या अहवालात लिहिलेच पाहिजे, असे १४३ व्या कलमाचे बंधन आहे. तो लिहितो, की संचालकांकडून मिळालेल्या लेखी निवेदनांच्या आधारे कोणीही अपात्र नाही! संचालक म्हणाला मी पात्र. मंडळ म्हणाले तो म्हणतो तर असेल. लेखापरीक्षक म्हणाला, मंडळाने लिहून ठेवले आहे. ही साखळी ज्या खुंटीला बांधली आहे ती खुंटी म्हणजे थकबाकीदाराचा स्वतःचा शब्द. ज्याने दिलेला शब्द पाळला नाही, त्याच्याच शब्दावर त्याची शिक्षा अवलंबून ठेवणे, याला कायदेपंडित 'स्वयंचलित अपात्रता' म्हणतात. आमच्या भाषेत याला चोराकडून चोरीची वर्दी मागणे म्हणतात.

वास्तविक ही वर्दी देऊ शकणारा एक तिऱ्हाईत साक्षीदार जागेवरच उभा आहे. लाभांशाचे स्वतंत्र खाते ज्या बँकेत उघडावयाचे, ती बँक! पाच दिवसांची मुदत संपताच किती रक्कम जमा झाली याचा दाखला त्या बँकेने निबंधकाकडे परस्पर पाठवावा, आणि तीस दिवस पुरे झाल्यावर किती रक्कम वाटली गेली व किती उरली याचा दुसरा. जाहीर झालेला आकडा निबंधकाच्या दप्तरी नोंदला गेला की वजाबाकी करण्यास एखादा कारकूनही पुरेसा आहे. सूचीबद्ध कंपन्यांचे लाभांश तर आता इलेक्ट्रॉनिक मार्गानेच जातात. त्यांची प्रत्येक देवघेव क्षणात नोंदली जाते. विवरणपत्र न भरलेल्या तीन लाख माणसांना जो संगणक शोधू शकतो, त्याला हे अवघड नाही. फक्त त्याला तसे सांगणारा नियम पाहिजे.

आणखी एक गोष्ट सामान्य वाचकाला माहीत नसते, आणि कळली तर तो चक्रावून जाईल. अपात्र झालेल्या संचालकाचे पद आपोआप रिकामे होते, असे १६७ वे कलम सांगते. मात्र मे २०१८ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीनुसार ते पद 'ज्या कंपनीने कसूर केली ती सोडून' इतर सर्व कंपन्यांत रिकामे होते. म्हणजे ज्या घरात चोरी केली ते घर सोडून बाकी गावातून हद्दपार! या दुरुस्तीमागचे कारण आम्ही जाणतो, आणि ते अगदीच टाकाऊ नाही. आधीच्या मजकुराप्रमाणे कसूरदार कंपनीतील सगळेच संचालक एका दिवशी पायउतार झाले असते. नवे कोणी आले तर तेही बसता क्षणी अपात्र ठरले असते. मग राहिलेली विवरणपत्रे भरायची कोणी? कागदाच्या कसुरीपुरते हे तर्कशास्त्र आम्हाला मान्य आहे. जो कागद ज्याने भरला नाही तो त्यानेच बसून भरावा. पण पैशाच्या कसुरीला हाच न्याय लावणे म्हणजे ज्याने तिजोरी रिकामी केली त्याच्याच हाती किल्ली ठेवणे होय. ज्या व्यवस्थापकीय संचालकाला नुकतीच पाच वर्षांची नवी मुदत मिळाली आहे, तो अपात्रतेची बहुतेक वर्षे त्याच खुर्चीत बसून काढू शकतो. बाहेरच्या चार खुर्च्या गेल्या, पण पगाराची आणि अधिकाराची खुर्ची शाबूत! सूचीबद्ध कंपन्यांतील प्रत्येक संचालकाने निदान पाच वर्षांतून एकदा भागधारकांची संमती घ्यावी, असा नियम सेबीने १ एप्रिल २०२४ पासून लागू केला. तो स्वागतार्ह असला तरी या दुखण्यावर तो पुरेसा उपाय नाही.

तेव्हा कागद आणि पैसा यांची फारकत झाली पाहिजे. हिशेब न भरणाऱ्याला त्याच्या खुर्चीत ठेवून हिशेब भरून घ्या. लाभांश, ठेवी वा कर्जरोखे बुडवणाऱ्याला मात्र त्याच कंपनीतून प्रथम उठवा. पोकळी पडेल ही भीती असेल तर कंपनी कायदा न्यायाधिकरणाने तात्पुरते संचालक नेमावेत. आयएल अँड एफएस समूह २०१८ साली कोसळला तेव्हा जुने मंडळ बाजूला सारून नवे मंडळ बसवण्याचे काम सरकारने न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडून काही दिवसांतच करून घेतले होते. सावरायला आलेल्या अशा माणसांना कायद्याने अपात्रतेपासून सहा महिन्यांचे अभय दिले आहे. ही सवलत रास्त आहे, किंबहुना अपुरी आहे. दुसऱ्यांनी केलेली वर्षानुवर्षांची घाण सहा महिन्यांत उपसून होत नसते.

या कलमावर स्वतंत्र संचालकांचा आक्षेप आहे, आणि तो ऐकून घेतला पाहिजे. वर्षातून चार-सहा बैठकांना येणाऱ्या, कंपनीच्या रोजच्या कारभाराशी संबंध नसलेल्या माणसाला प्रवर्तकाच्या पापाचा वाटेकरी का करता, असे ते विचारतात. इतर बाबतींत स्वतंत्र संचालकाची जबाबदारी त्याच्या माहितीपुरती आणि संमतीपुरती मर्यादित ठेवणारा कायदा येथे मात्र कोणताही भेद करीत नाही. अपात्रतेपूर्वी सुनावणी द्यावी की नाही, याबद्दलही न्यायालयांत बराच खल झाला. २०१८ साली मद्रास आणि गुजरातच्या उच्च न्यायालयांनी त्यांच्यापुढे आलेल्या संचालकांपुरत्या त्या याद्या रद्द केल्या. २०१९ साली कर्नाटक आणि दिल्लीच्या उच्च न्यायालयांनी पूर्वसुनावणीची आवश्यकता नाही असे मत दिले. आमच्या दृष्टीने येथेही दोन कसुरींत भेद करणे इष्ट आहे. कागद राहून गेल्याचे एखाद्या संचालकाला खरोखरच कळले नसेल. पण जाहीर केलेला लाभांश एक वर्षभर वाटला गेला नाही, आणि त्या वर्षातल्या सर्व बैठकांत चहा घेऊनही हे आपल्या कानी आले नाही, असे जो म्हणतो त्याने बैठकीचा भत्ता कशाबद्दल घेतला? एक वर्षाची मुदत हीच त्याला मिळालेली नोटीस आहे. तथापि ज्याने त्या वर्षात लेखी विरोध नोंदवला, निबंधकाला आपण होऊन कळवले आणि तरीही त्याचे कोणी ऐकले नाही, त्याला कायद्याने सोडले पाहिजे. आज त्याला आणि गप्प बसणाऱ्याला एकच माप आहे, आणि त्यामुळे बोलण्याचे कारणच उरत नाही. सरकारी कंपन्यांच्या संचालकांना तर ५ जून २०१५ च्या अधिसूचनेने या कलमातूनच सूट मिळाली आहे. खाजगी उद्योगपतींना सचोटीचे धडे देणाऱ्या सरकारने ही सूट स्वतःच्या कंपन्यांना का द्यावी, याचे उत्तर त्याने भागधारकांना दिले पाहिजे. कारण अनेक सरकारी कंपन्यांचे भाग सामान्य माणसांनीही घेतले आहेत.

एक गैरसमज मात्र दूर केला पाहिजे. 'न दिलेला' आणि 'न मागितलेला' लाभांश एक नव्हेत. पत्ता बदलला, खातेदार वारला, वारसांना पत्र्याच्या पेटीतील प्रमाणपत्रांची खबरच नाही, बँक खात्याचा वा ओळखीचा तपशील जुळत नाही, अशा कारणांनी पडून राहिलेला पैसा हा संचालकांचा अपराध नाही. कायद्यानेच अशा प्रसंगांना अपवाद केला आहे. ती रक्कम सात वर्षांनंतर गुंतवणूकदार शिक्षण व संरक्षण निधीत जाते. सात वर्षे सलग लाभांश उचलला नाही तर भागही त्या निधीकडे जातात. १९९९ च्या दुरुस्तीने हा निधी निर्माण केला तेव्हा, एकदा तेथे गेलेल्या पैशावर कोणाचाच दावा चालणार नाही अशी व्यवस्था होती. नव्या कायद्याने ती बदलली, आणि सप्टेंबर २०१६ मध्ये प्राधिकरण स्थापन झाल्यापासून वारसांना पैसे आणि भाग परत मागता येतात. हेलपाटे पडतात, पण दार उघडे आहे. काही कंपन्यांच्या प्रतिनिधींनी या दोन प्रकारांची सरमिसळ करून 'लाभांश पडून राहतात ते भागधारकांच्या आळसामुळे' असा सूर लावण्याची सवय लावून घेतली आहे, म्हणून हा खुलासा.

आता राहिला फौजदारी मार्ग. १२७ व्या कलमाप्रमाणे तीस दिवसांत लाभांश न दिल्यास, जाणूनबुजून त्या कसुरीत सामील असलेल्या संचालकाला दोन वर्षांपर्यंत कैद व दिवसाला किमान हजार रुपये दंड होऊ शकतो, आणि कंपनीला दरसाल अठरा टक्के सरळ व्याज द्यावे लागते. फिर्याद निबंधकाप्रमाणेच भागधारकही करू शकतो. हे व्याज मागावयाचे असते याची कल्पना किती भागधारकांना आहे? शिवाय कंपनी अवसायनात गेली की हे ऋण दुबळे होते. इतर धनकोंशी स्पर्धा आली तर सभासद म्हणून येणे असलेल्या लाभांशाला मागे उभे राहावे लागते. तेव्हा जे काही वसूल करावयाचे ते कंपनी उभी असतानाच, संचालकाला खुर्चीची भीती असतानाच केले पाहिजे. आणि येथेच १९७० साली सर्वोच्च न्यायालयाने दिलेला एक निर्णय आडवा येतो. लाभांश नोंदणीकृत कार्यालयातून पाठवला जातो, म्हणून तो न पाठवण्याचा गुन्हाही तेथेच घडतो आणि फिर्यादही तेथेच केली पाहिजे, असे त्यात ठरले. टपालाच्या आणि धनादेशाच्या काळात त्याला आधार होता. पण आज लाभांश भागधारकाच्या बँक खात्यात जमा व्हावयाचा असतो. तो जमा झाला नाही ही गोष्ट सातारच्या किंवा नागपूरच्या बँकेत घडते, कंपनीच्या कोलकात्यातील कचेरीत नव्हे. आठशे रुपयांसाठी साताऱ्याहून कोलकात्याला जाण्याचा सल्ला कोणताही शहाणा वकील देणार नाही. भागधारकाचे खाते ज्या गावी आहे तेथील न्यायालयातही ही फिर्याद चालावी, एवढे एक वाक्य १२७ व्या कलमात घालावयाचे आहे. त्यासाठी नवे खाते नको, नवा अधिकारी नको, आणि सरकारच्या तिजोरीला एक पैचाही भार नको.